शिशिदो, जो

शिशिदो, जो : (६ डिसेंबर १९३३–१८ जानेवारी २०२०). जपानी चित्रपट-अभिनेता. निक्कात्सु या चित्रपटसंस्थेच्या मारधाडीच्या चित्रपटांत प्रथम खलनायक व नंतर नायक म्हणून त्याने नाव मिळविले. सेइजुन सुझुकी (१९२३–२०१७) या दिग्दर्शकाच्या ‘कोरोशी नो राकुइन’ (१९६७, म. शी. हत्येचा डाग, इंग्रजीत ‘ब्रँडेड टू किल’) या चित्रपटातील भाडोत्री मारेकऱ्याच्या भूमिकेमुळे तो जपानबाहेर विशेष ओळखला जातो. हा चित्रपट प्रदर्शनाच्या वेळी अयशस्वी ठरला व त्यापायी दिग्दर्शकाला नोकरी गमवावी लागली. पुढे मात्र त्याच चित्रपटाभोवती एक लहान पण निष्ठावान प्रेक्षकवर्ग जमला. अशा चित्रपटांना ‘कल्ट’ चित्रपट म्हणतात. सर्वसाधारण बाजारपेठेने ज्यांची उपेक्षा केली, परंतु विशिष्ट रसिकांनी जे पुनःपुन्हा पाहिले, जपले व इतरांना दाखविले, असे हे चित्रपट होत. शिशिदोची कारकीर्द हे या प्रक्रियेचे बोलके उदाहरण आहे; कारण ज्या चित्रपटांनी त्याला स्वदेशात लोकप्रिय केले आणि ज्यांनी त्याला परदेशात मान मिळवून दिला, ते चित्रपट बहुतांशी वेगवेगळे आहेत.

पूर्वपीठिका : शिशिदोच्या कारकीर्दीचे स्वरूप निक्कात्सु संस्थेच्या इतिहासाने ठरविले. चार लहान संस्थांच्या एकीकरणातून १९१२ मध्ये स्थापन झालेली ही जपानमधील सर्वांत जुन्या चित्रपटसंस्थांपैकी एक होय. दुसऱ्या महायुद्धकाळात शासनाने घडवून आणलेल्या फेररचनेत, १९४२ साली, तिचा निर्मितिविभाग दाइएइ या नव्या संस्थेत विलीन झाला व तिच्याकडे केवळ चित्रपटगृहे उरली. युद्धोत्तर काळात निक्कात्सुने टोकिओजवळील चोफू येथे नवे चित्रीकरणस्थळ उभारून १९५४ मध्ये पुन्हा निर्मितीस आरंभ केला. तथापि इतर पाच मोठ्या संस्थांनी १९५३ मध्येच आपसांत करार करून एकमेकींचे कलावंत व दिग्दर्शक न पळविण्याचे ठरविले होते. निक्कात्सुच्या पुनरागमनाला आळा घालणे, हा या कराराचा एक प्रमुख हेतू होता. त्यामुळे प्रस्थापित नटनट्या मिळणे दुरापास्त झालेल्या निक्कात्सुला स्वतःचे कलावंत घडविणे भाग पडले. ‘नवे चेहरे’ या नावाने तिने तरुणतरुणींची निवड सुरू केली. १९५४ मधील या पहिल्याच निवडीत शिशिदोचा समावेश होता.

बालपण व चित्रपटप्रवेश : शिशिदोचा जन्म ओसाका येथे झाला. युद्धकाळात त्याच्या कुटुंबास ईशान्य जपानमधील मियागी प्रांतात स्थलांतर करावे लागले व त्याचे शालेय शिक्षण तेथे झाले. पुढे टोकिओच्या निहोन विद्यापीठात त्याने कलाशाखेत प्रवेश घेतला. परंतु निक्कात्सुत निवड झाल्यावर तो शिक्षण अपुरे सोडून चित्रपटव्यवसायात आला. ‘केइसात्सु निक्की’ (१९५५, म. शी. पोलिसाची रोजनिशी) या चित्रपटातील तरुण पोलिसाच्या छोट्या भूमिकेने त्याच्या कारकीर्दीस प्रारंभ झाला. त्याचा धाकटा भाऊ एइजी गो (१९३७–९२) हाही पुढे निक्कात्सुचा अभिनेता झाला.

आरंभीच्या काळात शिशिदो सडपातळ, देखणा व सौम्य चेहऱ्याचा तरुण होता. परंतु तशा चेहऱ्याच्या तरुणांची निक्कात्सुत वाण नव्हती. १९५६ मध्ये यूजिरो इशिहारा (१९३४–८७) हा तरुण नट एकाएकी लोकप्रिय झाला आणि संस्थेचे सर्व लक्ष त्याच्याकडे वळले. इतरांना स्वतःची जागा शोधणे आवश्यक झाले. शिशिदोने या दशकाच्या उत्तरार्धात शस्त्रक्रियेने गालांत कृत्रिम द्रव्य भरून घेऊन ते फुगवले. रूप सुधारण्यासाठी नव्हे, तर ते बदलून वेगळे दिसण्यासाठी केलेला हा प्रयोग होता. त्यामुळे त्याचा चेहरा एकाच वेळी क्रूर, हट्टी व काहीसा विनोदी दिसू लागला. नायकाच्या भूमिकांचा मार्ग त्यामुळे तूर्त बंद झाला. पण कोणाही प्रेक्षकाच्या सहज लक्षात राहील अशी मुद्रा त्याला लाभली. चित्रपटसंस्थेच्या गरजेनुसार नटाने स्वतःचे शरीरही बदलावे, ही त्या काळच्या तारकापद्धतीची एक बाजू शिशिदोच्या चेहऱ्यावर कायमची उमटली.

सीमाहीन मारधाडपट : जपानी चित्रपटांच्या प्रेक्षकसंख्येने १९५८ मध्ये ११२ कोटींचा टप्पा ओलांडून उच्चांक गाठला. या भरभराटीच्या काळात मोठ्या संस्थांच्या चित्रपटगृहांतून एका तिकिटात दोन चित्रपट दाखविण्याची प्रथा होती. कार्यक्रम वरचेवर बदलत असल्याने संस्थांना सतत नवे चित्रपट पुरवावे लागत. निक्कात्सुने यासाठी तरुण प्रेक्षकांना रुचणारी मारधाडपटांची एक धाटणी बनविली. बंदरे, मद्यगृहे, जुगाराचे अड्डे, घोड्यावरून येणारा गिटारवादक नायक, पिस्तुलांची द्वंद्वे अशा त्यांतील सामग्रीचा प्रत्यक्ष जपानी जीवनाशी संबंध क्षीण होता. अमेरिकी ‘वेस्टर्न’ व गुन्हेगारीपट तसेच फ्रेंच गुन्हेगारीपट यांचे संस्कार त्यांवर स्पष्ट दिसतात. म्हणूनच त्यांना ‘मुकोकुसेकी’, म्हणजे कोणत्याच देशाचे नागरिकत्व नसलेले, असे नाव पडले.

या प्रकारातील ‘गितार ओ मोत्ता वातारिदोरी’ (१९५९, म. शी. गिटारधारी भटका पक्षी) हा बुइची साइतो दिग्दर्शित चित्रपट व त्यापुढील चित्रपटमाला अत्यंत लोकप्रिय झाली. तीत अकिरा कोबायाशी हा नायक, तर शिशिदो हा त्याचा प्रतिस्पर्धी असे. हा प्रतिस्पर्धी निव्वळ दुष्ट नसे. तो नायकाशी वैर करी, त्याची थट्टा करी, त्याच्या कौशल्याची कदर करी आणि प्रसंगी त्याच्या बाजूने उभाही राही. बोट हलवीत जिभेने ‘चक् चक्’ असा आवाज काढण्याची शिशिदोची लकब प्रेक्षकांच्या तोंडी बसली आणि ‘एस नो जो’, म्हणजे ‘हुकमी एक्का जो’, या नावाने तो ओळखला जाऊ लागला. जपानी प्रेक्षकांच्या एका संपूर्ण पिढीच्या मनात शिशिदोची हीच प्रतिमा स्थिर झाली.

नायकपद : निक्कात्सुने १९६० मध्ये इशिहारा, कोबायाशी, केइइचिरो आकागी व कोजी वादा या चार नायकांची ‘हिरकमाला’ जाहीर केली होती. परंतु १९६१ च्या आरंभी इशिहारा बर्फावरून घसरण्याच्या खेळात पाय मोडून जायबंदी झाला, तर आकागी हा फेब्रुवारीत चित्रीकरणस्थळाच्या आवारात लहान मोटारगाडी चालविताना झालेल्या अपघातात वयाच्या २१ व्या वर्षी मरण पावला. नायकांचा असा तुटवडा पडताच संस्थेने शिशिदो व हिदेआकी नितानी यांना पुढे आणले. खलनायकाला नायकपदी बसविण्याचा हा निर्णय कलाविचारातून नव्हे, तर निकडीतून झाला होता. ‘रोकुदेनाशी काग्यो’ व ‘हायाउची यारो’ (दोन्ही १९६१) या चित्रपटांत शिशिदो नायक म्हणून चमकला. पिस्तूल उपसण्यास त्याला ०·६५ सेकंद पुरतात व या कौशल्यात तो जगात तिसरा आहे, अशी जाहिरात संस्थेने केली. त्याच्या नायकांत विनोदाची छटा ठळक होती. मात्र विनोदी मारधाडपटांचे आकर्षण लवकरच ओसरले. दूरचित्रवाणीच्या प्रसारामुळे चित्रपटांची प्रेक्षकसंख्या १९६३ पर्यंत सु. ५१ कोटींवर आली होती.

सुझुकीबरोबरचे चित्रपट : याच सुमारास शिशिदो सेइजुन सुझुकीच्या चित्रपटांत प्रमुख भूमिका करू लागला. सुझुकी हा निक्कात्सुचा पगारी दिग्दर्शक असून जोडकार्यक्रमातील दुय्यम चित्रपट तयार करणे, हे त्याचे काम होते. पटकथा संस्था ठरवी, नट संस्था देई, चित्रीकरणासाठी २५ दिवसांच्या आसपास अवधी मिळे. या चौकटीत मोकळीक शोधण्यासाठी सुझुकीने रंग, नेपथ्य व संकलन यांचा आश्रय घेतला. ‘याजू नो सेइशुन’ (१९६३, म. शी. हिंस्र पशूचे तारुण्य) या हारुहिको ओयाबूच्या कादंबरीवर आधारलेल्या चित्रपटात शिशिदोने मृत सहकाऱ्याच्या खुनाचा छडा लावण्यासाठी दोन परस्परविरोधी टोळ्यांत शिरणाऱ्या माजी पोलिसाची भूमिका केली. यातील एका टोळीची कचेरी रात्रगृहाच्या एकतर्फी काचेआड, तर दुसरीची चित्रपटगृहाच्या पडद्यामागे आहे. मारामारी चालू असताना मागील पडद्यावर दुसराच चित्रपट चाललेला दिसतो. या कृत्रिम जगात शिशिदोचा कृत्रिम चेहरा विसंगत न वाटता स्वाभाविक वाटतो. दिग्दर्शकाच्या शैलीतील वळण म्हणून या चित्रपटाचा निर्देश केला जातो.

‘निकुताइ नो मोन’ (१९६४, म. शी. देहाचे द्वार) हा ताइजिरो तामुरा याच्या युद्धोत्तर कादंबरीवरील चित्रपट होय. बेचिराख टोकिओत एकत्र राहणाऱ्या वेश्यांच्या गटात आश्रय घेणाऱ्या, युद्धावरून परतलेल्या सैनिकाची भूमिका शिशिदोने त्यात केली. ताकेओ किमुराच्या नेपथ्यात प्रत्येक स्त्रीच्या वेशासाठी एकेक ठळक रंग योजला आहे. पराभूत राष्ट्राच्या पुरुषाची भूक, उन्माद व अपमान शिशिदोने अंगबळाने साकार केला. ‘एस नो जो’ची खट्याळ ऐट येथे जवळजवळ लोपलेली आहे.

१९६७ मधील दोन चित्रपट : शिशिदोची पुढील कीर्ती मुख्यतः १९६७ मध्ये प्रदर्शित झालेल्या दोन कृष्णधवल चित्रपटांवर उभी आहे. ताकाशी नोमुरा दिग्दर्शित ‘कोरुतो वा ओरे नो पासुपोतो’ (म. शी. पिस्तूल हाच माझा परवाना) हा त्यांपैकी पहिला. कामगिरी पार पाडल्यावर ज्याच्यावर दोन्ही टोळ्या उलटतात, अशा भाडोत्री मारेकऱ्याची ही कथा आहे. शिशिदोने विनोद, लकबी व ऐट बाजूला ठेवून अत्यंत मितभाषी अभिनय केला. समुद्राकाठच्या भरावाच्या ओसाड जमिनीवर तो एकटाच खड्डा खणतो आणि गोळीरोधक मोटारगाडीची वाट पाहतो. या अखेरच्या प्रसंगात संवाद जवळजवळ नाहीत; कुदळीची लय, वारा व नटाच्या हालचाली यांवरच तो उभा आहे.

त्याच वर्षी १५ जूनला ‘कोरोशी नो राकुइन’ प्रदर्शित झाला. त्याची पटकथा सुझुकी व त्याचे सहकारी अशा आठ जणांच्या मंडळाने ‘गुर्यू हाचिरो’ या सामाईक टोपणनावाने लिहिली होती. मारेकऱ्यांच्या गुप्त संघटनेत तिसऱ्या क्रमांकावर असलेला गोरो हानादा हा तिचा नायक. शिजणाऱ्या भाताच्या वासाने तो उत्तेजित होतो. नेम धरताना बंदुकीवर फुलपाखरू बसल्याने त्याचा एक वार चुकतो आणि शिकारी स्वतःच शिकार बनतो. शेवटी ज्याचे अस्तित्वच संशयास्पद आहे असा पहिल्या क्रमांकाचा मारेकरी त्याच्या घरी येऊन राहतो व दोघे एकमेकांवर पाळत ठेवीत खातात, झोपतात. प्रसंगांतील दुवे सुझुकीने हेतुतः गाळले असून स्थळकाळाचे भान प्रेक्षकाला सहजी मिळत नाही. अशा तुटक रचनेला एकसंधता येते ती शिशिदोमुळे. प्रथम आत्मविश्वासाने ताठ असलेला हानादा हळूहळू भित्रा, हास्यास्पद व भ्रमिष्ट होत जातो. परंतु नट त्याची टिंगल करीत नाही. क्रमांक मिळविण्याच्या हव्यासाने माणूस कसा पोखरला जातो, हा चित्रपटाचा आशय त्यामुळे ठसतो. ज्या नटाला त्याच्याच संस्थेने ‘जगातील तिसरा’ म्हणून विकले होते, त्यानेच ही भूमिका करावी, यातील उपरोध आज सहज लक्षात येतो.

बडतर्फी व खटला : चित्रपटास प्रेक्षकांचा प्रतिसाद मिळाला नाही. न समजणारे चित्रपट काढणारा दिग्दर्शक संस्थेच्या कामाचा नाही, अशी भूमिका घेऊन निक्कात्सुचे अध्यक्ष क्यूसाकू होरी यांनी एप्रिल १९६८ मध्ये सुझुकीला कामावरून काढले. एका चित्रपटमंडळाने योजिलेल्या त्याच्या चित्रपटांच्या महोत्सवासाठी प्रती देण्यासही संस्थेने नकार दिला. सुझुकीने न्यायालयात दावा लावला. दिग्दर्शक, समीक्षक, विद्यार्थी व सामान्य रसिक त्याच्या पाठीशी उभे राहिले आणि निदर्शने झाली. डिसेंबर १९७१ मध्ये तडजोड होऊन सुझुकीला १० लक्ष येन भरपाई मिळाली; परंतु मोठ्या संस्थांची दारे त्याला बंदच राहिली व १९७७ पर्यंत त्याला एकही नवा कथापट करता आला नाही. या वादामुळे एक व्यापारी मारधाडपट हा कलावंताच्या हक्काचा प्रश्न बनला. चित्रपटाभोवती जमलेल्या निष्ठावान प्रेक्षकवर्गाचे मूळ या घटनेत शोधावे लागते. त्याच्या वैचित्र्यपूर्ण शैलीइतकाच या अन्यायाच्या जाणिवेचाही त्यात वाटा आहे.

शिशिदो नट असल्याने त्याची नोकरी या प्रकरणात गेली नाही. पण ज्या चित्रपटप्रकारावर त्याचे स्थान अवलंबून होते, तोच संपत चालला होता. ‘मिनागोरोशी नो केन्जू’ (१९६७) व ‘शिमा वा मोरात्ता’ (१९६८) या यासुहारू हासेबे दिग्दर्शित चित्रपटांतील त्याच्या भूमिका या अखेरच्या पर्वातील होत. १९७० मध्ये देशातील प्रेक्षकसंख्या सु. २५ कोटींवर घसरली आणि नोव्हेंबर १९७१ पासून निक्कात्सुने अल्पखर्ची शृंगारपटांच्या निर्मितीचा मार्ग पत्करला. तिचे मारधाडपटांचे पर्व संपले व बहुतेक जुने नट बाहेर पडले.

उत्तरकाल : यानंतर शिशिदोने स्वतंत्रपणे चित्रपटांत व दूरचित्रवाणीवर कामे केली. किंजी फुकासाकू याच्या याकुझा (संघटित गुन्हेगार)-विषयक ‘जिंगी नाकी ताताकाइ’ या मालेच्या १९७४ मधील समाप्तिपटात त्याने कात्सुतोशी ओतोमो या उद्दाम टोळीप्रमुखाची भूमिका केली. नोबुहिको ओबायाशीच्या ‘तेन्कोसेइ’ (१९८२) या किशोरपटातही त्याची चरित्रभूमिका आहे. दूरचित्रवाणीवरील मालिकांतून व रंजनपर कार्यक्रमांतून तो घरोघरी परिचित झाला. तरुण प्रेक्षकांना तो दूरचित्रवाणीवरील खुशमिजास वडीलधारा म्हणूनच ठाऊक होता.

पुनर्मूल्यन : निक्कात्सुच्या मारधाडपटांकडे गांभीर्याने पाहण्याची सुरुवात जपानमध्येच झाली. समीक्षक ताकेनोबू वातानाबे याने त्यांचा विस्तृत इतिहास लिहिला व तो १९८० नंतरच्या आरंभीच्या वर्षांत ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाला. पाश्चात्त्य देशांत सुझुकीचे चित्रपट १९८० नंतरच्या दशकात महोत्सवांतून दाखविले जाऊ लागले. पुढे ध्वनिचित्रफिती व तबकड्या यांमुळे ते घरबसल्या पाहता येऊ लागले. अमेरिकी दिग्दर्शक जिम जारमुश याने ‘घोस्ट डॉग’ (१९९९) या चित्रपटात सांडपाण्याच्या नळीतून गोळी झाडून केलेल्या हत्येचा प्रसंग ‘कोरोशी नो राकुइन’वरून उघडपणे घेतला. इटलीतील ऊदीने येथील महोत्सवात २००५ मध्ये निक्कात्सुच्या मारधाडपटांचा स्वतंत्र विभाग योजिला गेला आणि २००९ मध्ये ‘कोरुतो वा ओरे नो पासुपोतो’सह पाच चित्रपटांचा संच अमेरिकेत प्रसिद्ध झाला. त्यामुळे सुझुकीखेरीज इतर दिग्दर्शकांकडील शिशिदोचे कामही जाणकारांपुढे आले.

जपानमध्येही नव्या दिग्दर्शकांनी त्याच्या पूर्वप्रतिमेचा उपयोग केला. काइझो हायाशीच्या योकोहामातील खाजगी गुप्तहेरावरील चित्रत्रयीत (१९९४–९६) शिशिदो नायकाच्या गुरूच्या भूमिकेत असून त्या पात्राचे नावही ‘जो शिशिदो’ असेच आहे. मात्र सुझुकीने २००१ मध्ये हानादाची कथा ‘पिस्तुल ओपेरा’त पुढे नेली, तेव्हा वृद्ध हानादाची भूमिका मिकिजिरो हिरा याच्याकडे गेली. योगायोग असा, की त्याच वर्षी शिशिदोने गालांतील कृत्रिम द्रव्य शस्त्रक्रियेने काढून टाकले व चोफू येथील चित्रीकरणस्थळाच्या दिवसांवर आधारलेली ‘शिशिदो’ ही आत्मचरित्रात्मक कादंबरी प्रसिद्ध केली. टोकिओतील सेतागाया भागातील त्याचे घर २०१३ मध्ये आगीत जळाले. त्याच भागात १८ जानेवारी २०२० रोजी, वयाच्या ८६ व्या वर्षी त्याचे निधन झाले.

मूल्यमापन : शिशिदोच्या दीर्घ चित्रसूचीतील फार थोडे चित्रपट जपानबाहेर पाहिले गेले आहेत. त्यामुळे परदेशी रसिकांच्या दृष्टीने तो एकाकी, काळोख्या जगातील मारेकरी आहे. तर त्याच्या देशबांधवांच्या स्मृतीत तो नायकाला चिडविणारा, पिस्तूल फिरविणारा हसतमुख प्रतिस्पर्धी आहे. यांपैकी एकच प्रतिमा खरी मानणे योग्य होणार नाही. १९६७ मधील दोन्ही मारेकऱ्यांचे मौन प्रेक्षकांना भिडले, ते त्याआधीच्या बोलक्या, विनोदी भूमिकांशी असलेल्या विरोधामुळेच. निक्कात्सुने गरजेपोटी त्याला घडविले, वापरले व बाजार बदलताच त्याच्या जातीचे चित्रपट बंद केले. त्याच यंत्रणेतून, तिच्या इच्छेविरुद्ध, त्याचे सर्वांत टिकाऊ काम निर्माण झाले. दुय्यम म्हणून काढलेल्या चित्रपटांतील नटाचे काम संस्थेच्या हिशेबापेक्षा प्रेक्षकांच्या निष्ठेने अधिक काळ जिवंत राहू शकते, हे त्याच्या कारकीर्दीने दाखवून दिले.